इंडिया, सांताक्रूझ पूर्व

‘इंडिया’ नावाच्या राजकीय आघाडीचं बारसं झालं बेंगळुरूत, १८ जुलै २०२३ रोजी. पण ती बाळसं धरते की नाही हे पाहायला देशभरातली मंडळी जमली ती सांताक्रूझ पूर्वेला, ३१ ऑगस्ट आणि १ सप्टेंबरला. पश्चिम द्रुतगती महामार्गालगतच्या ग्रँड हयात हॉटेलात २८ पक्षांचे नेते दोन दिवस बसले. सोनिया गांधी, मल्लिकार्जुन खरगे, ममता बॅनर्जी, नितीश कुमार, लालूप्रसाद, स्टॅलिन, अरविंद केजरीवाल, अखिलेश यादव सगळे आले. यजमानपद उद्धव ठाकरे, शरद पवार आणि महाराष्ट्रातल्या काँग्रेसकडे होतं. १४ जणांची समन्वय समिती नेमली गेली, बोधचिन्हाचं अनावरण पुढे ढकललं गेलं आणि घोषणा ठरली, ‘जुडेगा भारत, जीतेगा इंडिया’.

बैठकीच्या पहिल्याच दिवशी दिल्लीहून केंद्रीय मंत्री प्रल्हाद जोशी यांनी संसदेचं विशेष अधिवेशन जाहीर केलं. विषय सांगितला नाही. दुसऱ्या दिवशी, म्हणजे सांताक्रूझमध्ये समारोपाची भाषणं होत होती त्याच १ सप्टेंबरला, गुवाहाटीत सरसंघचालक मोहन भागवत यांनी ‘इंडिया’ म्हणणं सोडून ‘भारत’ म्हणा असं आवाहन केलं. आणि ५ सप्टेंबरला जी-२० परिषदेच्या मेजवानीचं इंग्रजी निमंत्रण लोकांसमोर आलं. यजमान होत्या ‘प्रेसिडेंट ऑफ भारत’. ९ तारखेला परिषदेत पंतप्रधानांपुढच्या पाटीवरही इंग्रजी अक्षरांत ‘भारत’ होतं. मग काय विचारता! देशाचं नाव बदलणार, विशेष अधिवेशन त्यासाठीच बोलावलंय, अशी चर्चा वाहिन्यांवर पंधरवडाभर रंगली. या सगळ्या अफवा आहेत असं मंत्री अनुराग ठाकूर यांनी सांगितलं, पण ऐकतो कोण?

अधिवेशन १८ सप्टेंबरला सुरू झालं, महिला आरक्षणाचं विधेयक मंजूर करून संपलं. नावाचा विषय निघालाच नाही. जितक्या झटक्यात वाद पेटला होता तितक्याच झटक्यात विझला.

मला कुतूहल आहे ते या विझण्याचं. महाराष्ट्रात नावांवरून माणसं मेली आहेत, घरं जळली आहेत, सरकारं हादरली आहेत. मग देशाच्याच नावावरून पेटलेला वाद इतका पोकळ का निघाला? उत्तर शोधायला दिल्लीला जायची गरज वाटली नाही. ग्रँड हयातच्या फाटकातून बाहेर पडून चार दिशांना चाललं तरी बरंच काही हाती लागतं.

आधी यजमानांकडे पाहू, कारण नावांच्या बाबतीत त्यांच्याइतकी अनुभवी मंडळी देशात दुसरीकडे क्वचितच सापडतील. शिवसेना-भाजप युती मार्च १९९५ मध्ये सत्तेवर आली, मनोहर जोशी मुख्यमंत्री झाले आणि त्याच वर्षी इंग्रजीतलं ‘बॉम्बे’ आणि हिंदीतलं ‘बंबई’ अधिकृतपणे जाऊन ‘मुंबई’ झालं. मराठी माणसाच्या बोलण्यात काडीचाही फरक पडला नाही, तो आधीपासून मुंबईच म्हणत होता. फरक पडला तो बाकीच्यांना, आणि हेतूही तोच होता. या शहराची ओळख कोणाच्या तोंडातल्या नावाने ठरायची, हा प्रश्न होता. ‘इंग्रजांनी दिलेलं नाव नको’ हा युक्तिवाद ज्या पक्षाने राज्यभर रुजवला, त्याच पक्षाचा वारसा सांगणारे उद्धव ठाकरे २०२३ साली ‘इंडिया’चे यजमान होते. ते त्यात अडखळले नाहीत, आणि त्यांना कुणी फारसं छेडलंही नाही.

त्यांच्या स्वतःच्या पक्षाच्या नावाला तेव्हा कंस लागला होता. निवडणूक आयोगाने १७ फेब्रुवारी २०२३ रोजी ‘शिवसेना’ हे नाव आणि धनुष्यबाण एकनाथ शिंदे यांच्याकडे सोपवला आणि उद्धव यांच्या वाट्याला ‘शिवसेना (उद्धव बाळासाहेब ठाकरे)’ आणि मशाल आली. दुसरे यजमान शरद पवार. त्यांचा पक्ष जुलैतच दुभंगला होता, पक्षाचं नाव पुढे फेब्रुवारी २०२४ मध्ये गेलं. आणखी मागे जायचं तर २९ जून २०२२ रोजी, सरकार कोसळण्याच्या दिवशी, उद्धव यांच्या मंत्रिमंडळाने औरंगाबाद आणि उस्मानाबादची नावं बदलण्याचा निर्णय घेतला होता. त्या मंत्रिमंडळात काँग्रेस आणि राष्ट्रवादीचे मंत्री होते. पाहुण्यांपैकी अखिलेश यादव यांचे वडील मुलायमसिंह मुख्यमंत्री असताना २००४ साली उत्तर प्रदेश विधानसभेने घटनेत ‘भारत म्हणजे इंडिया’ असा क्रम करावा असा ठराव केला होता. दुसऱ्या बाजूला, ‘भारत’चा आग्रह धरणाऱ्या सरकारच्या योजना पाहा: मेक इन इंडिया, डिजिटल इंडिया, स्किल इंडिया, खेलो इंडिया. फेब्रुवारी २०१६ मध्ये ‘मेक इन इंडिया’चा मोठा सोहळा झाला तो याच हॉटेलच्या दक्षिणेला, वांद्रे-कुर्ला संकुलात. भाजपचं पहिलं महाअधिवेशनही इथून जवळच, वांद्र्याच्या रेक्लमेशनवर, डिसेंबर १९८० मध्ये भरलं होतं. थोडक्यात, कोणत्याच बाजूला हे नाव ठेवायचं किंवा ते टाकायचं असा पक्का सिद्धान्त नव्हता. प्रतिस्पर्ध्याने एक नाव उचललं म्हणून दुसऱ्याने दुसरं उचललं. मला तरी त्यात यापलीकडे काही दिसत नाही.

वांद्रे-कुर्ला संकुलात दोन्ही नावं शेजारी नांदतात. हिरे बाजाराचं नाव ‘भारत डायमंड बोर्स’. शेअर बाजाराचं पूर्ण नाव ‘नॅशनल स्टॉक एक्स्चेंज ऑफ इंडिया’. आणि काचेच्या इमारतींना खेटून एक जुनी दाट वस्ती आहे, तिचं नाव भारतनगर.

भारतनगर म्हटलं की मराठी वाचकाला शरद जोशी आठवावेत. देशात ‘इंडिया विरुद्ध भारत’ ही भाषा आज कुणीही वापरतो, पण ती राजकारणात आणली या माणसाने. जोशी मूळचे टपाल खात्यातले अधिकारी, नंतर स्वित्झर्लंडमध्ये बर्नला आंतरराष्ट्रीय टपाल संघटनेत नोकरी. ती सोडून ते परतले आणि चाकणजवळ आंबेठाणला त्यांनी कोरडवाहू जमीन घेतली. हिशेब ठेवून शेती केली आणि हिशेब काही केल्या जुळेना. त्यातून शेतकरी संघटना उभी राहिली. १९८० साली चाकणचं कांदा आंदोलन झालं, त्याच वर्षी नाशिक जिल्ह्यात ऊस-कांद्याचं आंदोलन झालं, रस्ते आणि रेल्वे अडल्या. जोशींची मांडणी अशी होती की गोरे गेले तरी वसाहत संपली नाही. शेतमालाचे भाव पाडून ‘भारता’तली बचत ओढून घेणारा ‘इंडिया’ त्यांच्या जागी बसला. त्यांच्या लेखी ही दोन नावं नकाशावरची नव्हती. शहरातली झोपडपट्टी म्हणजे भारतातून इंडियात आलेले निर्वासित, आणि गावातला साखरसम्राट किंवा पुढारी हा गावात राहणारा इंडिया. पुढे १९९४ मध्ये पक्ष काढला तेव्हा त्याचं नाव त्यांनी ठेवलं स्वतंत्र भारत पक्ष.

जोशींचं सगळंच मला पटतं असं नाही. भूमिहीन मजुराला त्यांच्या भारतात नेमकी कोणती खोली मिळते हा प्रश्न त्यांच्या टीकाकारांनी विचारला होता आणि तो बिनतोड होता. पण एक गोष्ट त्यांनी लख्ख दाखवली. देशाच्या दोन नावांमधलं अंतर पैशात मोजता येतं.

आता २०२३ चं पंचांग पुन्हा काढू. १९ ऑगस्टला केंद्र सरकारने कांद्याच्या निर्यातीवर ४० टक्के शुल्क लावलं. लासलगावसह नाशिक जिल्ह्यातल्या बाजार समित्यांमधले लिलाव बंद पडले. सरकारने २,४१० रुपये क्विंटल दराने दोन लाख टन कांदा खरेदी करण्याचं जाहीर केलं. त्यानंतर दहा दिवस गेले नाहीत तोच सांताक्रूझमध्ये ‘जीतेगा इंडिया’ ठरलं आणि पाठोपाठ दिल्लीत निमंत्रणपत्रिकेवर ‘भारत’ अवतरलं. दिल्लीत विशेष अधिवेशन चालू असताना, २० सप्टेंबरपासून, नाशिकच्या कांदा व्यापाऱ्यांनी पुन्हा लिलाव थांबवले. ८ डिसेंबरला तर निर्यातच बंद झाली. म्हणजे ज्या पंधरवड्यात देशाचं नाव भारत असावं की इंडिया यावर देश भांडत होता, त्या पंधरवड्यात शरद जोशींचा भारत ट्रॅक्टर उभे करून बाजार समितीच्या फाटकावर थांबला होता. पत्रिकेवर त्याचं नाव छापलं गेलं, पण पंगतीत त्याला कुणी विचारलं नाही. मे २०२४ च्या मतदानात नाशिक आणि दिंडोरी या दोन्ही लोकसभा मतदारसंघांत सत्ताधारी महायुती हरली. तेव्हा तिथे कांदा बोलत होता, नाव नव्हे.

हॉटेलच्या पूर्वेला मुंबई विद्यापीठाचं कलिना संकुल आहे. १८५७ साली स्थापन झालेलं ‘युनिव्हर्सिटी ऑफ बॉम्बे’ १९९६ साली ‘युनिव्हर्सिटी ऑफ मुंबई’ झालं. त्याच मुंबईत उच्च न्यायालय अजून ‘बॉम्बे’ आहे. ते बदलण्याचं विधेयक २०१६ साली लोकसभेत आलं आणि तसंच व्यपगत झालं. पवईची आयआयटीही ‘बॉम्बे’च. एवढं असून या शहराच्या अस्मितेत काही खोट आली असं मला तरी जाणवलेलं नाही.

विद्यापीठाच्या आसपास कलिना, कोलेकल्याण, वाकोला ही जुनी गावठाणं आहेत. अरुंद गल्ल्या, उतरत्या छपरांची उरलीसुरली घरं, वळणावर क्रूस. कलिन्याचं ‘अवर लेडी ऑफ इजिप्त’ चर्च १६०६ सालचं. या परिसराचं नावच मुळी पवित्र क्रूसावरून पडलेलं, पोर्तुगीज. साष्टी बेटातून पोर्तुगीजांना मराठ्यांनी १७३७ च्या मोहिमेत हुसकलं आणि १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली. ‘सांताक्रूझ’ला मात्र आजतागायत कुणी हात लावला नाही. पावसाळ्यात ‘कुलाबा अमुक मिलिमीटर, सांताक्रूझ तमुक मिलिमीटर’ हे आकडे ऐकतच महाराष्ट्राच्या दोन-तीन पिढ्या वाढल्या. २६ जुलै २००५ ला इथल्या वेधशाळेने चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदवला, तेव्हा हे नाव जगभर पोचलं.

इथले मूळ रहिवासी ख्रिस्ती, घरात मराठीचीच एक बोली बोलणारे. स्वतःला ते म्हणतात ‘ईस्ट इंडियन’. या नावामागची गोष्ट मोठी मजेची आणि थोडी बोचरी आहे. एकोणिसाव्या शतकात मुंबईत त्यांना सरसकट ‘पोर्तुगीज’ म्हणत. गोव्याहून आणि मंगळूरहून नोकरीसाठी येणारे ख्रिस्तीही त्याच नावाने ओळखले जात. कारकुनीच्या नोकऱ्यांत चुरस वाढली तेव्हा स्थानिकांना वाटलं, आपण या मातीतले आणि इंग्रजांच्या मुलखातले जुने रयत आहोत, हे नावातूनच कळलं पाहिजे. म्हणून १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीला पन्नास वर्षं झाली त्या निमित्ताने, त्यांनी ‘ईस्ट इंडियन’ हे नाव घेतलं आणि त्याच नावाची संस्था काढली. ज्या ईस्ट इंडिया कंपनीशी या नावाने नातं जोडलं गेलं, ती तोवर मोडीत निघून १३ वर्षं झाली होती.

मराठी बोलणारा, भाताची खाचरं कसणारा, लुगडं नेसणाऱ्या बायकांचा हा समाज, आणि त्याच्या नावात दुसऱ्याच कुणीतरी ठेवलेलं देशाचं नाव. पुढे विमानतळ आला, वसाहती आल्या, विद्यापीठ आलं, जमिनी गेल्या. आज गावठाणांच्या हक्कांसाठी लढणारी त्यांची एक संघटना आहे, ‘मोबाई गावठाण पंचायत’. मोबाई म्हणजे त्यांच्या बोलीत मुंबई. ‘ईस्ट इंडियन’ हे नाव त्यांनी सोडलेलं नाही. ते सोडा असं सांगणाऱ्याला, या बेटावर आम्ही तुझ्याआधी होतो, असं ते शांतपणे सुनावू शकतात.

२५ जुलै २०२३ रोजी पंतप्रधान मोदी आपल्या खासदारांपुढे म्हणाले की नावात ‘इंडिया’ असल्याने काही होत नाही, ते ईस्ट इंडिया कंपनीच्या आणि इंडियन मुजाहिदीनच्याही नावात होतं. टोला विरोधी आघाडीला होता, कलिन्याच्या गावठाणाला नव्हे. पण महिनाभराने ती आघाडी जिथे जमली तिथून हाकेच्या अंतरावर नावात ‘इंडियन’ लावलेला, अस्सल मराठी, कधीच कुणावर राज्य न केलेला समाज राहतो, हे दिल्लीतल्या वक्त्याला किंवा हॉटेलातल्या पाहुण्यांना ठाऊक असण्याचं कारण नाही. परक्यांनी दिलेलं नाव घेतलं म्हणून माणूस परका होतो या समजुतीचं इतकं सोपं खंडन दुसरीकडे मिळणार नाही.

उत्तरेला विमानतळ. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटा कराचीहून टपालाच्या थैल्या घेऊन उतरले ते शेजारच्या जुहूच्या धावपट्टीवर. त्यांच्या कंपनीची १९४६ साली ‘एअर इंडिया’ झाली. ८ जून १९४८ ला ‘मलबार प्रिन्सेस’ हे विमान मुंबईहून कैरो, जिनिव्हामार्गे लंडनला गेलं. राज्यघटना अजून तयार व्हायची होती, देशाचं नाव घटनासभेत ठरायचं होतं, पण जगाला ते नाव विमानाच्या पोटावर वाचायला मिळालं होतं. १९९९ साली या विमानतळाला छत्रपती शिवाजी महाराजांचं नाव मिळालं आणि ‘महाराज’ ही उपाधी २०१८ साली अधिकृतपणे जोडली गेली. सामानावरच्या चिठ्ठीवर मात्र तीन अक्षरं येतात ती ‘बीओएम’. आणि देशातल्या प्रत्येक विमानाच्या शेपटीकडे ‘व्हीटी’ ही ब्रिटिश काळात मिळालेली अक्षरं असतात. ती गुलामीची खूण आहे, बदला, अशी मागणी संसदेत झाली आहे. (मुंबईकराला व्हीटी म्हटलं की बोरीबंदर आठवतं, व्हाइसरॉय नव्हे. पण ते असो.) जुलै २०२१ मध्ये विमानतळाचा कारभार अदानी समूहाकडे गेला आणि ‘अदानी एअरपोर्ट’ अशी पाटी झळकली, तेव्हा शिवसैनिकांनी ती फोडली. टर्मिनलचं नाव बदललेलं नाही, पाटी फक्त कंपनीची आहे, असा खुलासा कंपनीने केला. पासपोर्टवर ‘भारत गणराज्य’ आणि त्याखाली इंग्रजीत ‘रिपब्लिक ऑफ इंडिया’ असं दोन्ही असतं. ते घेऊन रोज हजारो लोक इथून बाहेर पडतात आणि त्यांच्या मनात काही गोंधळ होत नाही. छत्रपतींच्या नावाशेजारी मालकाची पाटी दिसली की मात्र हात उगारला जातो.

या उगारलेल्या हातामागचं गणित समजून घ्यायला १९४७ कडे जावं लागतं. नाव म्हणजे सातबारा. त्यावर वारस कोण, हे ठरतं. फाळणीनंतर आपला देश ‘हिंदुस्थान’ हे नाव घेईल अशी मुंबईचे एकेकाळचे नामांकित बॅरिस्टर महंमद अली जीना यांची अपेक्षा होती. त्याने ‘इंडिया’ हेच नाव राखलं, याचा जीनांना राग आला, आणि हे नाव दिशाभूल करणारं आहे अशी तक्रार त्यांनी सप्टेंबर १९४७ मध्ये माउंटबॅटन यांच्याकडे केली. ती नुसती चिडचिड नव्हती. ‘इंडिया’ नावाचा देश १९४५ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सनदेवर सही केलेला संस्थापक सदस्य होता. ते नाव ज्याच्याकडे, ती खुर्ची त्याच्याकडे. पाकिस्तानला नवा सदस्य म्हणून अर्ज करावा लागला आणि ३० सप्टेंबर १९४७ ला प्रवेश मिळाला. परकीयांनी दिलेलं नाव म्हणून ‘इंडिया’ टाकून द्या म्हणणाऱ्यांनी हा फेरफार एकदा तपासावा. १९४७ मध्ये ते टाकलं असतं तर सर्वात जास्त आनंद कराचीला झाला असता.

घटनासभेचं काम त्यानंतरचं. १९४८ च्या मसुद्यात पहिल्या अनुच्छेदात फक्त ‘इंडिया’ होतं. सप्टेंबर १९४९ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ‘इंडिया म्हणजेच भारत’ अशी दुरुस्ती मांडली. १८ सप्टेंबरला चर्चा झाली. मध्य प्रांत-वऱ्हाडातून आलेले हरी विष्णू कामत यांना क्रम उलटा हवा होता, आधी भारत, मग ‘इंग्रजी भाषेत इंडिया’. त्यांनी आयर्लंडच्या घटनेचा दाखला दिला. शेठ गोविंद दास प्राचीन ग्रंथांपर्यंत गेले. कामत नावांच्या इतिहासात शिरू लागले तेव्हा आंबेडकर वैतागले; ‘भारत’ हा शब्द तर यांना मान्यच आहे, वेळ कमी आहे, थोडं तारतम्य राखा, असा त्यांचा सूर होता. मतदान झालं. कामतांच्या बाजूने ३८, विरोधात ५१.

आंबेडकरांना ‘भारत’ या नावाचं वावडं होतं असं कुणी म्हणत असेल तर त्याने एप्रिल १९२७ मध्ये त्यांनी मुंबईत सुरू केलेल्या पत्राचं नाव पाहावं, ‘बहिष्कृत भारत’. भारत हा देश आहे, त्यात एक बहिष्कृत भारतही आहे, आणि मी त्याच्या वतीने बोलतो आहे, एवढं सगळं त्या दोन शब्दांत आलं. एरवी मराठीत या नावांची भांडणं कधी फार झालीच नाहीत. केसरी ‘हिंदुस्थान’ लिहायचा. गोखल्यांनी १९०५ मध्ये काढलेली संस्था इंग्रजीत ‘सर्व्हंट्स ऑफ इंडिया’ आणि मराठीत ‘भारत सेवक समाज’. राजवाड्यांनी १९१० मध्ये पुण्यात ‘भारत इतिहास संशोधक मंडळ’ काढलं. सावरकरांना ‘हिंदुस्थान’च हवं होतं, आणि तेही ‘स्तान’ नव्हे, ‘स्थान’. काँग्रेस १८८५ मध्ये मुंबईत जन्मली, तिच्या इंग्रजी नावात ‘इंडियन’ होतं आणि मराठीत तिला ‘राष्ट्रीय सभा’ म्हणत.

पण नावावरून रक्त सांडणं म्हणजे काय, हेही मराठी माणसालाच ठाऊक आहे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव केला. मुख्यमंत्री होते शरद पवार, सत्तेवर येऊन त्यांना दहा दिवसही झाले नव्हते. मराठवाड्यात दलित वस्त्या जाळल्या गेल्या. नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळेंना मारून टाकण्यात आलं. ठराव गुंडाळला गेला. पुढची सोळा वर्षं लाँग मार्च, मोर्चे, तुरुंगवास झाले. नोव्हेंबर १९९३ मध्ये नांदेडला गौतम वाघमारे यांनी स्वतःला जाळून घेतलं. शेवटी १४ जानेवारी १९९४ ला ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ’ झालं. जुनं नाव गेलं नाही, नव्याची भर पडली. म्हणून त्याला नामांतराऐवजी नामविस्तार म्हटलं गेलं. मुख्यमंत्री पुन्हा शरद पवारच होते.

विरोध करणारे तेव्हा म्हणत होते की प्रश्न प्रादेशिक अस्मितेचा आहे. जळालेली घरं मात्र एकाच समाजाची होती. प्रश्न होता, दलित माणसाचं नाव विद्यापीठाच्या कमानीवर सवर्ण गाव सहन करतं की नाही. नावाचा वाद खरा असतो तेव्हा त्यात कुणाला तरी आत यायचं असतं आणि कुणीतरी दार धरून उभं असतं. २०२३ च्या वादात असं दारच नव्हतं. भारत आणि इंडिया दोन्ही घटनेत, दोन्ही नाण्यावर, दोन्ही टपाल तिकिटावर. १९४९ मध्ये आंबेडकरांनी जे केलं त्याला मराठवाड्याच्या भाषेत नामविस्तारच म्हणावं लागेल. त्यामुळे ‘भारत’ म्हणणाऱ्याला कुणी बाहेर काढलेलं नाही आणि ‘इंडिया’ म्हणणाऱ्याला काढता येत नाही. सर्वोच्च न्यायालयात दोनदा हा प्रश्न गेला. मार्च २०१६ मध्ये न्या. टी. एस. ठाकूर आणि न्या. उदय लळित यांनी, ज्याला जे म्हणायचं ते म्हणू द्या, अशा आशयाने याचिका फेटाळली. जून २०२० मध्ये तेव्हाचे सरन्यायाधीश, नागपूरचे शरद बोबडे यांनी, घटनेत भारत आहेच, असं सुनावून याचिका निवेदन म्हणून सरकारकडे पाठवली.

ज्यांना असा दुहेरी पर्याय मिळाला नाही त्यांचं काय झालं, हे मॅसिडोनियाकडे पाहून कळतं. मदर तेरेसांचं जन्मगाव स्कोप्ये ही त्याची राजधानी. १९९१ मध्ये युगोस्लाव्हियातून तो वेगळा झाला आणि शेजारच्या ग्रीसने हरकत घेतली, कारण ग्रीसच्या उत्तर भागाचंही नाव मॅसिडोनिया आणि अलेक्झांडर तर ग्रीकांचा अभिमानपुरुष. १९९३ मध्ये संयुक्त राष्ट्रांत या देशाला ‘पूर्वाश्रमीचं युगोस्लाव्ह प्रजासत्ताक मॅसिडोनिया’ असं लांबलचक तात्पुरतं नाव घेऊन बसावं लागलं. पुढच्याच वर्षी ग्रीसने व्यापारबंदी लादली. स्कोप्येने हट्टाने २००६ मध्ये विमानतळाला अलेक्झांडरचं नाव दिलं, चौकात प्रचंड पुतळे उभारले. समझोत्याचे वारे वाहू लागले तेव्हा २०१८ मध्ये विमानतळावरचं नाव उतरवलं. त्या वर्षी जूनमध्ये प्रेस्पा सरोवराकाठी करार झाला. सप्टेंबरच्या सार्वमताला ३७ टक्केच मतदार आले. फेब्रुवारी २०१९ पासून देश ‘उत्तर मॅसिडोनिया’ झाला आणि २०२० मध्ये नाटोत गेला. युरोपीय संघाचं दार मात्र उघडलं नाही, कारण आता बल्गेरियाने त्यांच्या भाषेवर आणि इतिहासावर हरकत घेतली. मे २०२४ मध्ये नव्या राष्ट्राध्यक्षा गोर्दाना सिल्यानोव्स्का-दाव्कोवा यांनी शपथ घेताना ‘उत्तर’ गाळून नुसतं मॅसिडोनिया म्हटलं, तर ग्रीसच्या राजदूत समारंभातून उठून गेल्या. तिथे नावाच्या एका शब्दावर व्यापार आणि संरक्षण अडकून होतं. अशा देशाच्या नागरिकाला, माझं नाव काय हे मी ठरवायचं की शेजाऱ्याने, हा प्रश्न रात्री झोपू देत नसेल. आपल्याकडे तो प्रश्न १९४९ च्या सप्टेंबरात मिटला. बाहेरच्या कुणाची त्याला हरकत नाही.

म्हणून माझं मत असं की २०२३ च्या वादाने आपल्या राष्ट्रीय ओळखीला धक्का दिला नाही आणि बळही दिलं नाही. त्याने एवढंच केलं की ज्या प्रश्नासाठी मराठीत ‘इंडिया’ आणि ‘भारत’ हे शब्द समोरासमोर आले होते, तो प्रश्न पंधरा दिवस झाकून टाकला. वाकोला आणि जवळच्या गोळीबार भागातल्या वस्त्यांत मराठवाड्यातून, उत्तर प्रदेशातून, बिहारमधून आलेली माणसं राहतात. शरद जोशींच्या हिशेबात ते भारतातून आलेले निर्वासित. इंडियाची बैठक त्यांच्या उशाला झाली आणि भारताची पत्रिका त्यांच्या नावाने निघाली. दोन्हींत त्यांच्या घराचा, पाण्याचा, गावाकडच्या शेतमालाच्या भावाचा उल्लेख कितीसा होता?

कांद्यावरचं निर्यात शुल्क पुरतं उठलं ते १ एप्रिल २०२५ रोजी. आघाडीतले नितीश कुमार जानेवारी २०२४ मध्येच पलीकडे गेले होते. घटनेचा पहिला अनुच्छेद बदलायचा तर दोन्ही सभागृहांत उपस्थित राहून मतदान करणाऱ्यांच्या दोन तृतीयांश मतांचं बहुमत लागतं, म्हणजे लोकसभेच्या ५४३ ही सदस्यांनी मतदान केलं तर ३६२ मतं. जून २०२४ च्या निकालात सत्ताधारी आघाडीला २९३ जागा मिळाल्या आणि ‘इंडिया’ला २३४. त्यामुळे ५१ विरुद्ध ३८ मतांनी ठरलेला शब्दक्रम तूर्त तरी आहे तसाच राहणार आहे.